नेट बंद, तरी घंटी चालू

गेल्या पावसाळ्यात कऱ्हाडजवळच्या एका शाळेत शिक्षकांसाठी आम्ही एक दिवसाची कार्यशाळा घेतली. विषय होता विद्युतचुंबकीय लहरी. चहाच्या सुट्टीत पाचवीला शिकवणाऱ्या एका बाईंनी विचारलेला प्रश्न मात्र आमच्या टिपणात कुठेच नव्हता. "सर, माझा मुलगा आठवीत आहे. तो अभ्यासाला बसला की मी फोनचा डेटा बंद करते. तरी गेमची घंटी वाजतेच. नेट नसताना त्या कंपनीला कसं कळतं, की हा आता अभ्यासाला बसलाय?"

सगळे हसले. बाई हसल्या नाहीत. आम्ही शास्त्रज्ञाच्या रुबाबात सांगून टाकले, की वायफाय चालू राहिले असेल. "आमच्या घरी वायफाय नाही," बाई म्हणाल्या, आणि आमचे उत्तर तिथेच संपले.

प्रश्न घेऊन आम्ही घरी आलो. आमच्या घरी एक जुना टॅब्लेट आहे. पाहुण्यांची मुले आली की तो त्यांच्या हातात जातो, आणि ती गेली की तिने-त्याने उतरवलेले सात-आठ गेम त्यावर राहून जातात. त्याचा इंटरनेट बंद केला आणि तो टेबलावर ठेवून दिला. संध्याकाळभरात तो तीनदा वाजला. म्हणजे बाईंचे निरीक्षण अचूक होते आणि आमचे उत्तर चूक. मग हा घंटी वाजवणारा आहे तरी कोण?

फोनवर येणाऱ्या सूचना, म्हणजे ज्यांना आपण नोटिफिकेशन म्हणतो, त्या दोन जातींच्या असतात. एक बाहेरून येते, दुसरी घरातच जन्मते. दिसायला दोन्ही सारख्याच. तोच आवाज, तीच पडद्याच्या वरच्या कडेला उमटणारी पट्टी. त्यामुळे दोन जाती आहेत हे सहसा लक्षात येत नाही.

आधी घरातली पाहू. बऱ्याच गेममध्ये खेळणाऱ्याला मोजके 'जीव' किंवा मोजकी 'ऊर्जा' दिलेली असते. समजा पाच जीव आहेत आणि गेलेला प्रत्येक जीव तीस मिनिटांनी परत मिळतो. मुलगा शाळेतून आला, खेळायला बसला, आणि साडेपाच वाजता त्याचे पाचही जीव संपले. आता पाचही जीव परत यायला लागणारा वेळ पाच गुणिले तीस, म्हणजे दीडशे मिनिटे, अर्थात अडीच तास. साडेपाचात अडीच तास मिळवा. बरोबर आठ वाजता जीव पूर्ण भरतात. हा हिशेब करायला कुठल्याही दूरच्या संगणकाची गरज नाही. तो साडेपाचलाच झालेला असतो. मुलाने गेम बंद करताच गेम फोनच्या घड्याळाला सांगून ठेवतो, की आठ वाजता मला उठव, मला घंटी वाजवायची आहे. पहाटेच्या एस.टी.साठी आपण गजर लावतो आणि झोपी जातो, त्यातलाच हा प्रकार. गजराला नेट लागत नाही. कंपनीला मुलाच्या अभ्यासाची वेळ ठाऊक नव्हती. खेळ थांबवण्याची वेळ आणि अभ्यासाला बसण्याची वेळ यांच्यात साधारण अडीच तासांचे अंतर होते, एवढेच.

'आज तू आला नाहीस', 'तुझे रोजचे बक्षीस वाट पाहत आहे' या सूचनाही पुष्कळदा याच जातीच्या असतात. शेवटचा खेळ झाल्यापासून चोवीस तासांनी, मग तीन दिवसांनी, मग सात दिवसांनी असे गजर आधीच लावलेले असतात.

दुसरी जात बाहेरून येणारी. 'तुझ्या मित्राने तुला खेळायला बोलावले आहे', 'तुझ्या किल्ल्यावर हल्ला झाला', 'आजच्या दिवस नाणी अर्ध्या किमतीत' ही त्यातली. मित्राने बोलावले हे फोनला आतून कळणे शक्य नाही. त्यासाठी बाहेरून निरोप यावा लागतो. पूर्वी प्रत्येक अ‍ॅप थोड्या थोड्या वेळाने आपल्या कंपनीच्या संगणकाला विचारी, काही नवीन आहे का? दहा अ‍ॅप असतील तर दहा जण सतत विचारत बसणार, आणि बॅटरी दुपारपर्यंत संपणार. यावर तोडगा म्हणून सगळ्यांसाठी मिळून एकच टपाल खाते आले. अ‍ॅपलने आपली सेवा २००९ मध्ये सुरू केली, गुगलने २०१० मध्ये. आता फोन एकच जोडणी सतत उघडी ठेवतो, ती अ‍ॅपल किंवा गुगलच्या संगणकाशी. गेम कंपनी आपला निरोप त्या टपालात टाकते, आणि पोस्टमन एकाच पिशवीतून सगळ्या अ‍ॅपचे निरोप आणतो. प्रत्येक फोनवरच्या प्रत्येक अ‍ॅपला एक वेगळा लांबलचक क्रमांक दिलेला असतो, तो त्याचा पत्ता.

फोन बंद असेल किंवा डेटा नसेल तर हे निरोप हरवत नाहीत. गुगलच्या व्यवस्थेत ते जास्तीत जास्त चार आठवडे पडून राहू शकतात. म्हणून रात्री दहा वाजता डेटा चालू केला की फोन एकदम दहा-बारा वेळा थरथरतो. बाईंच्या घरी हेही होत होते, पण त्याकडे त्यांनी फारसे लक्ष दिले नव्हते, कारण तेव्हा मुलगा झोपलेला असे.

इतका खटाटोप गेम बनवणारे का करतात? फुकट मिळणारा गेम जाहिरातींवर आणि आतल्या खरेदीवर चालतो. उतरवून घेतलेला पण न उघडलेला गेम कंपनीच्या काहीच कामाचा नाही. म्हणून या धंद्यात तीन आकडे फार पाहिले जातात: गेम घेतलेल्या शंभर जणांपैकी दुसऱ्या दिवशी किती परतले, सातव्या दिवशी किती, तिसाव्या दिवशी किती. सूचना हे परत बोलावण्याचे सर्वांत स्वस्त साधन. दारावर येऊन हाक मारणारा विक्रेताही हेच करतो, आणि त्यात गुन्हा असा काही नाही. मात्र तो विक्रेता दिवसातून एकदा येतो आणि त्याची हाक सगळ्या गल्लीला ऐकू येते. ही हाक एकाच मुलाच्या खिशात येते, कधी येईल ते सांगता येत नाही, आणि बहुतेक वेळा घरातल्या दुसऱ्या कोणाला तिचा पत्ताही लागत नाही.

'कधी येईल ते सांगता येत नाही' या शब्दांवर थोडे थांबावे लागेल, कारण खरी मेख तिथे आहे.

बी. एफ. स्किनर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने कबुतरांवर पुष्कळ प्रयोग केले. कळीवर चोच मारली की दाणा मिळतो, अशी पेटी. चार्ल्स फर्स्टर यांच्याबरोबर त्याने १९५७ मध्ये या प्रयोगांवर जाडजूड ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यातला एक निष्कर्ष आजही प्रत्येक पाठ्यपुस्तकात असतो. दर ठराविक टोचण्यांनंतर दाणा दिला, तर कबूतर दाणा खाऊन थोडे विसावते. दाणा कधी तिसऱ्या टोचणीला, कधी विसाव्या, कधी लागोपाठ, असा बेभरवशाचा दिला, तर कबूतर विसावत नाही, टोचतच राहते. आणि दाणा देणे पूर्ण थांबवले तरी ते पुष्कळ वेळ टोचत राहते.

आता मुलाच्या फोनकडे पाहा. दहा वेळा घंटी वाजते. आठ वेळा नुसती जाहिरात निघते. एकदा चार नाणी मिळतात. आणि एकदा खरोखरच वर्गातल्या मित्राने बोलावलेले असते. दर वेळी जाहिरातच निघाली असती, तर मुलाने चार दिवसांत घंटीकडे पाहणे सोडून दिले असते. मित्राचे ते एक बोलावणे उरलेल्या नऊ घंट्यांना जिवंत ठेवते.

मेंदूत काय घडते याबद्दलही काही सांगता येते. वोल्फ्राम शुल्ट्झ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी माकडांच्या मेंदूतल्या डोपामिन सोडणाऱ्या पेशींची नोंद घेतली. त्यावरचा १९९७ मधला त्यांचा लेख गाजला. माकडाला अचानक फळाच्या रसाचा थेंब मिळाला की या पेशी जोराने चेतत. मग प्रयोगात दर वेळी थेंबाच्या आधी एक खूण दाखवू लागले. काही दिवसांनी पेशी रस मिळाल्यावर चेतेनाशा झाल्या. त्या खूण दिसताच चेतू लागल्या. आणि खूण दाखवून रस दिलाच नाही, तर रस यायच्या नेमक्या क्षणी पेशींची हालचाल नेहमीपेक्षाही खाली गेली. डोपामिन म्हणजे 'आनंदाचे रसायन' असे वर्तमानपत्रांतून सर्रास छापले जाते. ते ढोबळ आहे आणि वर्गात सांगू नये. या प्रयोगांतून दिसते ते असे, की अपेक्षा आणि प्रत्यक्ष यांच्यातला फरक या पेशी नोंदवतात. गेमची घंटी म्हणजे ती खूण. ओढ निर्माण होते ती घंटीपाशीच, खेळ सुरू होण्याच्या आधी. माकडावरून माणसाच्या मुलावर उडी मारताना जपून मारावी हे खरे, पण दिशा हीच आहे.

काही शिक्षक म्हणतात, की मुलगा फोन उचलत नाही ना, मग वाजेना का. यावर २०१५ मध्ये अमेरिकेतल्या फ्लोरिडा राज्य विद्यापीठातल्या संशोधकांनी केलेला एक प्रयोग सांगण्यासारखा आहे. विद्यार्थ्यांना संगणकावर एकामागून एक अंक दाखवत होते. प्रत्येक अंकाला कळ दाबायची, फक्त एका ठराविक अंकाला दाबायची नाही. काम सोपे आणि कंटाळवाणे, म्हणजे लक्ष भटकायला उत्तम. मध्येच काहींच्या फोनवर संदेश पाठवले, काहींना फोन लावले, काहींना काहीच केले नाही. ज्यांचे फोन वाजले त्यांच्या चुका वाढल्या, आणि फोनकडे मुळीच न पाहिलेल्यांच्याही वाढल्या. घंटी ऐकली की मन विचारू लागते, कोण असेल? हा प्रश्न गणिताच्या वहीवर बसलेल्या मुलाच्या डोक्यातली तेवढी जागा अडवून बसतो. हात वहीवरच असतो, म्हणून आईला ते दिसत नाही.

आता आमच्याच भागातली एक गोष्ट. सांगली जिल्ह्यात, कडेगाव तालुक्यात मोहित्यांचे वडगाव हे सुमारे तीन हजार वस्तीचे गाव आहे. शेती करणारे आणि साखर कारखान्यात काम करणारे लोक. करोनाच्या काळात शाळा मोबाइलवर आली, आणि शाळा पुन्हा भरू लागल्यावर मुले वर्गात परतली पण मोबाइल काही हातातून सुटेना. शाळेतून आले की मोबाइल नाहीतर टीव्ही. ऑगस्ट २०२२ मध्ये, स्वातंत्र्यदिनाच्या सुमारास, गावाने ठरवले: रोज संध्याकाळी सात वाजता देवळावरचा भोंगा वाजेल, मोबाइल आणि टीव्ही बंद होतील, साडेआठला दुसरा भोंगा वाजेल, मग ज्याला चालू करायचे त्याने करावे. कल्पना ऐकून पुरुषमंडळी आधी हसली, बायकांनी मात्र ती उचलून धरली, असे सरपंच विजय मोहिते यांनी त्या वेळी वार्ताहरांना सांगितले होते. दंडाची भाषा नव्हती. आशा सेविका, अंगणवाडी सेविका, ग्रामपंचायतीचे कर्मचारी आणि निवृत्त शिक्षक घरोघर जाऊन समजावत होते. ही बातमी तेव्हा देशभर आणि देशाबाहेरही गेली.

आम्हाला या प्रयोगात एक गंमत दिसते. भोंगा हीदेखील एक सूचनाच आहे! साखर कारखान्याच्या भोंग्यावर घड्याळ जुळवणारी माणसे आम्ही लहानपणी पाहिली आहेत. त्यामुळे भोंग्याने दिवसाचे भाग पाडणे या भागाला नवे नाही. मग एका सूचनेने शेकडो सूचनांना गप्प कसे केले? फरक पाहा. भोंगा ठरलेल्या वेळी वाजतो, त्यामुळे त्याची वाट पाहण्यात मन गुंतत नाही. तो सगळ्यांसाठी एकदम वाजतो. आणि हा मुद्दा आम्हाला सर्वांत मोठा वाटतो. एकट्या मुलाने गेम बंद ठेवला तर त्याच्या मनात येते, की बाकीचे खेळत असतील, माझी जागा जाईल. सगळ्यांचेच फोन बंद असतील तर बोलावणार कोण? मित्राचे ते एक बोलावणे, जे बाकीच्या घंट्यांना जिवंत ठेवते, तेच दीड तास येत नाही. स्किनरच्या पेटीतला दाणाच त्या वेळेपुरता काढून घेतल्यासारखे हे झाले.

सरकारी बंदीने हे साधत नाही का? सप्टेंबर २०२० मध्ये पबजी मोबाइलवर आणि फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायरवर केंद्र सरकारने बंदी घातली, ती सुरक्षेच्या कारणावरून. मुले दुसऱ्या गेमकडे वळली. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर आणि त्यांच्या जाहिरातींवर बंदी आणणारा कायदा संमत केला. तो आवश्यक होता असे आमचे मत आहे. पण नाण्यांच्या आणि जिवांच्या साध्या गेमची घंटी त्याने थांबत नाही, आणि ती थांबवायला संसद लागावी असेही नाही.

मग सगळ्या सूचना कायमच्या बंद करून टाकाव्यात काय? इथे २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेला एक प्रयोग उपयोगी पडतो. २३७ जणांना चिठ्ठ्या टाकाव्यात तसे गटांत वाटले. काहींना सूचना नेहमीसारख्या येत राहिल्या, काहींना त्या साठवून ठराविक वेळी एकगठ्ठा दिल्या, काहींना मुळीच दिल्या नाहीत. दिवसातून तीन वेळा गठ्ठ्याने मिळणाऱ्यांचे लक्ष चांगले लागले, मनही बरे राहिले. ज्यांना मुळीच सूचना मिळाल्या नाहीत त्यांना मात्र हा फायदा फारसा झाला नाही. उलट त्यांची धास्ती वाढली, की आपले काही राहून तर जात नाही ना. हा प्रयोग शाळकरी मुलांवरचा नव्हता आणि केवळ गेमचाही नव्हता, हे ध्यानात ठेवावे. तरी वडगावच्या भोंग्याशी त्याचे जमते. सातला बंद, साडेआठला चालू. कधी चालू होणार हे ठाऊक असले की धास्ती उरत नाही.

मात्र भोंगा सगळे करू शकत नाही. साडेआठला फोन हातात आला की दीड तासाचे साठलेले निरोप एकदम ओततात, आणि नऊ वाजता झोपायला जाणारे मूल साडेदहापर्यंत जागते. म्हणून गावातल्या भोंग्याला फोनच्या आतल्या शांततेची जोड हवी.

ही शांतता कशी करायची ते आता सांगतो. प्रत्येक कंपनीच्या फोनवर शब्द आणि जागा थोड्या वेगळ्या असतात, म्हणून अंदाज घेत चालावे. गेमची सूचना आली की ती पुसून टाकू नका. तिच्यावर बोट दाबून धरा. ती कोणत्या गेमची आहे ते दिसते आणि ती बंद करण्याची सोयही तिथेच मिळते. अँड्रॉइडमध्ये २०१७ साली आलेल्या आठव्या आवृत्तीपासून एकेका अ‍ॅपच्या सूचनांचे वेगवेगळे प्रकार पाडलेले असतात: 'विशेष सवलत' बंद, 'मित्रांचे निमंत्रण' चालू, असे करता येते. अर्थात प्रकार पाडणे गेम बनवणाऱ्याच्या हातात असते, आणि काही जण सगळे एकाच प्रकारात कोंबतात. तिथे सरळ मुख्य बटण बंद करावे. २०२२ मधल्या तेराव्या आवृत्तीपासून नवा गेम सूचना पाठवण्याआधी परवानगी विचारतो. आयफोन आणि आयपॅड पूर्वीपासूनच विचारतात. मुले घाईने 'हो' दाबतात, कारण खेळ सुरू व्हायचा असतो. 'नाही' दाबले तरी खेळ सुरू होतो, हे बहुतेकांना माहीतच नसते. एवढे जरी वर्गात सांगितले तरी पुष्कळ झाले.

आवाज बंद केला तरी गेमच्या चित्रावर एक ठिपका किंवा आकडा राहतो. तीही सूचनाच, फक्त मुकी. तो ठिपका घालवण्याचे बटणही त्याच पानावर सापडते.

घरात एकच फोन असेल तर अडचण वेगळी. सांगली-साताऱ्याच्या अनेक घरांत वडिलांचा फोन हाच मुलाचा गेम, आईचा व्हॉट्सअ‍ॅप आणि दूध डेअरीचा संदेशही. तो सरसकट बंद करता येत नाही. रात्री कोणाचा तातडीचा फोन येईल ही काळजी खरी असते. यासाठी 'व्यत्यय आणू नका' ही सोय पाहावी. तिला सात ते साडेआठ अशी रोजची वेळ लावून देता येते, आणि घरच्या माणसांचे फोन मात्र वाजू द्यावेत असे सांगता येते. त्यात आणखी एक छान सोय आहे. एकाच माणसाने पंधरा मिनिटांच्या आत दुसऱ्यांदा फोन केला तर अँड्रॉइड तो वाजू देऊ शकतो. खरी निकड असणारा माणूस दुसऱ्यांदा लावतोच. गेम तेवढे थांबवायचे असतील तर 'डिजिटल वेलबीइंग'मधला फोकस मोड निवडलेली अ‍ॅप गोठवतो आणि त्यांच्या सूचना दाबून ठेवतो. आयपॅडवर हे काम फोकस आणि स्क्रीन टाइम करतात.

आणि बाईंच्या मूळ तक्रारीवर, म्हणजे घरात जन्मणाऱ्या घंटीवर? डेटा बंद करणे तिच्यावर निरुपयोगी, हे आता कळले. सूचनांची परवानगी काढून घेतली की दोन्ही जाती एकदम गप्प होतात. दुसरा उपाय अँड्रॉइडवरचा: सेटिंग्जमध्ये जाऊन गेम सक्तीने थांबवला की त्याने लावून ठेवलेले गजर रद्द होतात आणि बाहेरचे निरोपही त्याच्यापर्यंत पोचत नाहीत. पण मुलाने गेम पुन्हा उघडला की सगळे पहिल्यासारखे सुरू.

एक गोष्ट शिक्षकांना सांगताना आम्हाला थोडा संकोच वाटतो, तरी सांगतो. त्या दिवशी कार्यशाळेत आम्ही विचारले, वर्गाच्या व्हॉट्सअ‍ॅप गटावर गृहपाठ किती वाजता टाकता? बहुतेकांचे उत्तर होते, घरची कामे आवरल्यावर, सात-साडेसातला. म्हणजे मुलाला नेमका त्या वेळी फोन हातात घ्यायला शाळाच लावते. गृहपाठ पाहायला उघडलेला फोन गृहपाठ पाहून खाली ठेवला जातो, असे समजणे भाबडेपणाचे आहे. पाचच्या आत टाका, किंवा फळ्यावर लिहून द्या.

वर्गात करण्याजोगा एक प्रयोगही आहे. एका कागदावर अंकांच्या वीस ओळी लिहा, प्रत्येकीत तीस अंक, वाटेल त्या क्रमाने. त्याच्या प्रती काढा. मुलांनी दोन मिनिटांत सगळे सात खोडायचे. एक फेरी शांततेत. दुसऱ्या फेरीत एक फोन दप्तरात ठेवून मधूनमधून, अंदाज येणार नाही असा, वाजवायचा. सुटलेले सात आणि चुकून खोडलेले दुसरे अंक मोजायचे. मात्र एक काळजी घ्या. दुसऱ्या फेरीत मुलांचा हात बसलेला असतो, म्हणून चुका आपोआप कमी होतील आणि घंटीचा परिणाम झाकला जाईल. यासाठी वर्गाचे दोन भाग करा, वेगवेगळ्या वेळी बसवा. अर्ध्यांना आधी शांतता, अर्ध्यांना आधी घंटी. कागदही अदलाबदल करा. तिसरी फेरी करता आली तर आणखी चांगले: 'बरोबर एक मिनिटाने फोन वाजेल' असे आधीच सांगून वाजवायचा. बेभरवशाची घंटी आणि सांगून वाजलेली घंटी यांत फरक पडतो का, ते मुलांनाच शोधू द्या. पडला नाही तर तसे लिहा. वर्गातली तीस-चाळीस मुले ही लहान संख्या आहे. एका वर्गावरून निष्कर्ष काढू नये हेही त्यातूनच शिकवता येईल. जमल्यास दोन-तीन शाळांनी मिळून करावे.

आणि मुलांना नावे ठेवू नयेत. जागतिक आरोग्य संघटनेने गेमिंगच्या विकाराला आपल्या रोगांच्या यादीत स्थान दिले आहे, पण त्याची कसोटी कडक आहे: खेळण्यावरचा ताबा सुटणे, बाकी सगळे मागे पडणे, नुकसान दिसत असूनही चालू राहणे, आणि हे सहसा वर्षभर टिकून असणे. घंटी वाजल्यावर फोनकडे पाहणारा मुलगा या व्याख्येत बसत नाही. त्याच्याकडे घंटी वाजवण्यासाठी पगारी माणसे बसवलेली आहेत, एवढेच.

कार्यशाळेनंतर दोन आठवड्यांनी आम्ही हे सगळे फोनवर बाईंना सांगितले. गजराचा हिशेब त्यांनी मुलाकडूनच करवून घेतला. साडेपाच अधिक अडीच तास हे उत्तर आल्यावर तो चमकला म्हणे, आणि त्याने स्वतःच चार गेमच्या सूचना बंद केल्या. पाचव्याच्या केल्या नाहीत, त्यात त्याचे मित्र आहेत. पण त्याने उलटा प्रश्न पाठवला: "मी सूचना बंद केल्यात हे गेमला कळतं का?"

कळते. अ‍ॅपला आपल्या सूचना चालू आहेत की बंद, हे फोनला विचारता येते. त्यामुळे पुढच्या वेळी गेम उघडताच मोठी चौकट येऊ शकते, 'सूचना चालू करा आणि नाणी मिळवा'. आम्ही तसे कळवले, आणि अशी चौकट आली तर काय करायचे ते त्यानेच ठरवावे असेही सांगितले. आठवड्याने बाईंचा निरोप आला. चौकट आली होती. पन्नास नाणी देऊ केली होती. त्याने सूचना चालू केल्या, नाणी घेतली, आणि परत बंद केल्या.